सी. बी. मुथम्मा: परराष्ट्र सेवेतल्या पहिल्या महिला अधिकाऱ्याबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

स्पर्धा परीक्षेच्या पुस्तकांत मुथम्मांचं नाव एका ओळीत येतं: "परराष्ट्र सेवेत दाखल झालेली पहिली महिला." ती ओळ पाठ होते आणि पान उलटलं जातं. पण त्या ओळीमागे 30 वर्षांहून अधिक काळाची नोकरी आहे, तीन देशांतलं प्रमुखपद आहे आणि स्वतःच्याच सरकारविरुद्ध सर्वोच्च न्यायालयात केलेली एक याचिका आहे. या बाईंबद्दल लोक जे विचारतात, ते इथे एकत्र केलं आहे. काही उत्तरं लांबली आहेत, कारण ती थोडक्यात सांगितली तर त्यांच्यावर अन्याय होतो.

मुथम्मा कोण होत्या?

चोनीरा बेलियप्पा मुथम्मा. 1948 मध्ये परीक्षा देऊन 1949 मध्ये त्या भारतीय परराष्ट्र सेवेत रुजू झाल्या. सेवेतून वर चढत राजदूत झालेल्या पहिल्या भारतीय महिला त्याच. 1979 चा "सी. बी. मुथम्मा विरुद्ध भारत सरकार" हा खटला कायद्याच्या विद्यार्थ्यांना आजही अभ्यासाला असतो.

त्या मूळच्या कुठल्या? घरची परिस्थिती कशी होती?

कर्नाटकातल्या कोडगू जिल्ह्यातल्या, म्हणजे आपण ज्याला कूर्ग म्हणतो तिथल्या. जन्म 24 जानेवारी 1924, विराजपेट. कोडव लोकांत घराण्याचं नाव आधी लागतं, म्हणून "चोनीरा" हे त्यांचं आडनाव समजा आणि "बेलियप्पा" हे वडिलांचं नाव.

वडील वनाधिकारी होते. मुथम्मा नऊ वर्षांच्या असताना ते गेले. पदरात चार मुलं, आणि आईने एकच गोष्ट ठरवली: चौघांनाही शिकवायचं. मुथम्मांचं शालेय शिक्षण मडिकेरीत झालं. पुढे मद्रासच्या विमेन्स ख्रिश्चन कॉलेजातून त्या सुवर्णपदक घेऊन बाहेर पडल्या आणि प्रेसिडेन्सी कॉलेजातून इंग्रजी साहित्यात एम. ए. झाल्या. 1930 च्या दशकात विधवा झालेल्या बाईने मुलीला घरकामाला न जुंपता मद्रासला धाडलं, हे सहज घडलेलं नाही. त्या आईचं नाव कोणत्याच परीक्षेत विचारलं जात नाही, याचं मला वाईट वाटतं.

पहिल्या महिला राजदूत तर विजयालक्ष्मी पंडित होत्या ना?

हो, आणि तरीही मुथम्माही पहिल्याच. हा घोळ फार होतो, म्हणून नीट सांगते.

विजयालक्ष्मी पंडित 1947 मध्ये मॉस्कोला राजदूत म्हणून गेल्या, 1949 मध्ये वॉशिंग्टनला आणि 1953 मध्ये संयुक्त राष्ट्रांच्या आमसभेच्या अध्यक्ष झाल्या. आपल्याकडे त्या 1962 ते 1964 महाराष्ट्राच्या राज्यपालही होत्या. त्यांची योग्यता वादातीत होती, पण त्यांची नेमणूक राजकीय होती. पंतप्रधानांनी विश्वासातल्या व्यक्तीला थेट राजदूत म्हणून पाठवायचं, ही पद्धत तेव्हाही होती आणि आजही आहे.

मुथम्मांचा रस्ता वेगळा. परीक्षा, मुलाखत, सगळ्यांत खालचं पद, मग दर काही वर्षांनी बदली, वरिष्ठांचे गोपनीय शेरे, बढतीची यादी. त्या यादीत नाव वर सरकत 1970 मध्ये राजदूतपद. ज्याला सेवेतली माणसं "करिअर डिप्लोमॅट" म्हणतात, त्या अर्थाने त्या पहिल्या.

मुलाखतीत त्यांना नापास करण्याचा प्रयत्न झाला होता, हे खरं का?

मुथम्मांनी हा आरोप न्यायालयापुढे लेखी मांडला होता. मुलाखतीच्या वेळी लोकसेवा आयोगाच्या अध्यक्षांनी त्यांना परराष्ट्र सेवा घेऊ नका म्हणून समजावण्याचा प्रयत्न केला. पुढे एकदा त्याच अध्यक्षांनी त्यांना सांगितलं, की तोंडी परीक्षेत तुम्हाला कमीत कमी गुण मिळावेत म्हणून मी माझं वजन वापरलं होतं.

तरीही त्या निवडल्या गेल्या, कारण लेखी परीक्षेतले गुण कमी करणं कुणाच्या हातात नव्हतं. लेखी परीक्षेत उत्तरपत्रिका बोलते. मुलाखतीत समोर बाई दिसते.

(तेव्हा आयोगाचं नाव "फेडरल पब्लिक सर्व्हिस कमिशन" होतं. आजचं यूपीएससी हे नाव राज्यघटना लागू झाल्यावर, 1950 मध्ये आलं.)

ते लग्नाचं हमीपत्र काय होतं?

रुजू होताना मुथम्मांकडून लिहून घेतलं गेलं, की लग्न केलं तर मी सेवेचा राजीनामा देईन. त्यांच्या बरोबरीच्या पुरुषांकडून असं काही घेतलं गेलं नाही.

इथे तारखांकडे लक्ष द्या. हे 1949 चं आहे. घटना 26 जानेवारी 1950 ला लागू झाली. म्हणजे सही करताना समानतेच्या कलम 14, 15, 16 यांतलं एकही अंमलात आलेलं नव्हतं. कुणी म्हणेल, इंग्रजांच्या काळची रीत होती, ओघाने चालू राहिली. 1949 पुरतं ते मानता येईल. पण पुढे काय झालं बघा. घटना आली, समान संधीचा मूलभूत हक्क आला, आणि त्यानंतर 11 वर्षांनी, 1961 मध्ये, स्वतंत्र भारताच्या सरकारने हीच अट सेवानियमांत छापून घेतली. जुन्या काळाची सवय म्हणून ते सोडून देता येत नाही. कुणीतरी मसुदा तयार केला, कुणीतरी तपासला, कुणीतरी सही केली.

नियमात नेमकं काय लिहिलं होतं?

दोन नियम होते, दोन्ही 1961 चे. मूळ इंग्रजी आहे. त्यांचा आशय असा:

आचार व शिस्त नियमांतला नियम 8(2): सेवेतील महिला सदस्याने विवाहापूर्वी सरकारची लेखी परवानगी घेतली पाहिजे. विवाहानंतर कोणत्याही वेळी, तिच्या कौटुंबिक व घरगुती जबाबदाऱ्या कर्तव्याच्या आड येण्याची शक्यता आहे अशी सरकारची खात्री झाली, तर तिला राजीनामा द्यायला सांगता येईल.

भरती व बढती नियमांतला नियम 18(4): कोणत्याही विवाहित स्त्रीला सेवेत नेमणुकीचा हक्क सांगता येणार नाही.

पहिला नियम पुन्हा, सावकाश वाचा. "कोणत्याही वेळी" म्हणजे लग्नाला 15 वर्षं झाली, कामात एकही चूक नाही, तरी टांगती तलवार आहेच. "आड येण्याची शक्यता" म्हणजे प्रत्यक्षात काही आड आलेलं असण्याची गरज नाही. आणि "सरकारची खात्री" म्हणजे ती खात्री कशावरून झाली, हे बाईला विचारता यावं अशी तरतूद त्या वाक्यात नाही. सरकारी भाषेत अशी वाक्यं साधी दिसतात. नोकरी करणाऱ्या बाईच्या जागी बसून वाचली की कळतं, की तिचं प्रत्येक वर्ष मेहरबानीवर ठेवलेलं आहे.

त्यांच्या नेमणुका कुठे झाल्या?

सुरुवात पॅरिसच्या दूतावासातून झाली. पुढे रंगून आणि लंडन, आणि दिल्लीत मंत्रालयात असताना पाकिस्तान व अमेरिका या विभागांचं काम. 1970 मध्ये हंगेरीत राजदूत, मग घानात, आणि शेवटी नेदरलँड्समध्ये हेगला.

घानात त्या "राजदूत" होत्या की "उच्चायुक्त"?

उच्चायुक्त. राष्ट्रकुलातले देश एकमेकांकडे राजदूत पाठवत नाहीत, उच्चायुक्त पाठवतात, आणि त्या कार्यालयाला दूतावास न म्हणता उच्चायुक्तालय म्हणतात. काम आणि दर्जा तोच. घाना राष्ट्रकुलात आहे, हंगेरी आणि नेदरलँड्स नाहीत. त्यामुळे बुडापेस्ट आणि हेगला त्या राजदूत, आक्राला उच्चायुक्त.

मिशनचा, म्हणजे दूतावासाचा किंवा उच्चायुक्तालयाचा, प्रमुख नेमका काय करतो?

मेजवान्या आणि हस्तांदोलनं फोटोत दिसतात. खरं काम लिहिण्याचं असतं. ज्या देशात नेमणूक आहे तिथे काय शिजतंय, कोण वर चाललंय, कोण बाजूला पडतंय, आपल्या देशावर याचा काय परिणाम होईल, हे मोजक्या शब्दांत दिल्लीला कळवायचं. दिल्लीचं म्हणणं तिथल्या सरकारला, ते दुखावणार नाही आणि गैरसमजही होणार नाही अशा भाषेत सांगायचं. याशिवाय व्यापार, व्हिसा, अडकलेले भारतीय आणि स्वतःच्या कार्यालयातली माणसं सांभाळायची.

नेमणूक होण्याआधी त्या देशाची संमती घ्यावी लागते. 1961 च्या व्हिएन्ना करारानुसार ती नाकारताना कारण देण्याचंही बंधन नाही. संमती मिळाल्यावर आपल्या राष्ट्रपतींनी दिलेलं परिचयपत्र तिथल्या राष्ट्रप्रमुखाला सादर करायचं.

मुथम्मांच्या बाबतीत मला हे महत्त्वाचं वाटतं, कारण शब्द तोलून वापरणं हा त्यांचा रोजचा व्यवसाय होता. ज्या बाईने आयुष्यभर खलित्यांतला एकेक शब्द तपासला, तिने "शक्यता" आणि "कोणत्याही वेळी" हे शब्द कसे वाचले असतील?

राजदूत झाल्यावर आणखी कसली बढती राहिली होती?

हा प्रश्न अगदी योग्य आहे. राजदूत हे पद झालं, श्रेणी नव्हे. लहान देशात खालच्या श्रेणीतला अधिकारीही राजदूत असू शकतो. मोठ्या राजधान्या आणि परराष्ट्र सचिवपद यांच्यासाठी वरची श्रेणी लागते. मुथम्मा दोन देशांत प्रमुखपद सांभाळून आल्या होत्या, पण पहिल्या श्रेणीत बढतीची वेळ आली तेव्हा "पुरेशी गुणवत्ता नाही" असं ठरलं. मधल्या काळात त्यांच्याहून कनिष्ठ अधिकारी त्यांच्या पुढे गेले.

सरकारी नोकरीत ज्येष्ठता यादी म्हणजे काय, हे ज्यांच्या घरात कुणी सरकारी नोकर आहे त्यांना सांगायला नको. ज्याला आपण काम शिकवलं, त्यालाच उद्या "सर" म्हणायचं.

नोकरीत असताना सरकारविरुद्ध न्यायालयात जाता येतं का?

येतं. मूलभूत हक्काचा भंग झाला तर घटनेच्या कलम 32 खाली कोणीही नागरिक थेट सर्वोच्च न्यायालयात रिट याचिका करू शकतो, सरकारी नोकरही. पण येणं आणि करणं यांत अंतर असतं. ज्या मंत्रालयाच्या हातात तुमची पुढची बदली, तुमचे शेरे, तुमची बढती आहे, त्यालाच प्रतिवादी करायचं होतं, आणि तेही निवृत्तीला थोडीच वर्षं उरलेली असताना. गप्प बसून सन्मानाने बाहेर पडण्याचा मार्ग मोकळा होता. तो त्यांनी घेतला नाही. मी त्यांना मानते ते सर्वांत जास्त यासाठी.

त्या खटला जिंकल्या की हरल्या?

कागदावर बघाल तर याचिका फेटाळली गेली. निकाल वाचाल तर चित्र उलटं दिसतं.

झालं असं, की खटला चालू असतानाच सरकारने मुथम्मांना बढती दिली आणि हेगला राजदूत म्हणून नेमलं. काही महिन्यांपूर्वी ज्यांच्यात गुणवत्ता कमी पडली होती, त्यांच्यात ती आता सापडली. नियमांबद्दल सरकारने प्रतिज्ञापत्रात सांगितलं, की 18(4) हा 12 नोव्हेंबर 1973 लाच काढून टाकला आहे आणि 8(2) रद्द झाल्याचं राजपत्रात प्रसिद्ध होण्याच्या मार्गावर आहे. म्हणजे 1961 चा नियम 8(2) काढायला 1979 उजाडलं, तेही प्रकरण न्यायालयात पोचल्यावर.

17 सप्टेंबर 1979 ला न्यायमूर्ती व्ही. आर. कृष्ण अय्यर यांनी निकाल दिला. त्याचं पहिलंच वाक्य असं, की मिस मुथम्मांची ही कहाणी वाचून घटनेची कलमं 14 आणि 16 ही दंतकथा आहेत की वास्तव, असा प्रश्न पडतो. नियम 8(2) बद्दल त्यांनी साधी उलट तपासणी केली. स्त्री अधिकाऱ्याच्या लग्नात सरकारला जो धोका वाटतो, तो पुरुष अधिकाऱ्याच्या लग्नात नसतो का? घरच्या जबाबदाऱ्या पुरुषाच्या कामाच्या आड येऊ शकत नाहीत का? 18(4) बद्दल ते म्हणाले, की विवाहित पुरुषाला हक्क असेल तर बाकी सगळं सारखं असताना विवाहित स्त्रीचं स्थान त्याहून खालचं असू शकत नाही.

त्यांनी एक मर्यादाही घालून दिली, ती प्रामाणिकपणे सांगायला हवी. सगळ्या कामांत, सगळ्या परिस्थितींत स्त्री-पुरुष समानच असं ब्रीद आम्ही मांडत नाही, असं निकालात म्हटलं आहे. पण वेगळी वागणूक द्यायची तर तिचं कारण दाखवता आलं पाहिजे. नाही दाखवता आलं, तर समानतेचाच नियम.

ज्येष्ठतेची तक्रार न्यायालयाने खरी मानली आणि तिचा फेरविचार करण्याचं सरकारने मान्य केलं. सगळ्या सेवानियमांतून लिंगभेदाचा डाग पुसा, आणि त्यासाठी कुणी याचिका करण्याची वाट पाहू नका, असंही सरकारला बजावलं. आणि मग ते प्रसिद्ध वाक्य: आम्ही याचिका फेटाळतो, प्रश्न नव्हे.

सरकारचा मुद्दा थोडा तरी व्यवहार्य नव्हता का? दर तीन वर्षांनी देश बदलायचा, संसार कसा होणार?

हा मुद्दा आजही घरोघरी ऐकू येतो, म्हणून तो टाळायचा नाही.

अडचण खरी आहे. नवऱ्याची नोकरी, मुलांच्या शाळा, म्हातारे आईवडील, या सगळ्यासकट देश बदलणं जिकिरीचं आहे. पण ही अडचण पुरुष अधिकाऱ्यालाही होतीच. फक्त ती त्याच्या बायकोने अंगावर घेतली होती. ती स्वतःची नोकरी सोडून त्याच्यामागे देशोदेशी फिरायची, दर नव्या शहरात मुलांना शाळेत घालायची, वकिलातीच्या मेजवानीला 20 माणसांचं जेवण मांडायची, पाहुण्यांच्या बायकांशी बोलून ओळखी जोडायची. दूतावासांचं बरंच कामकाज या बिनपगारी श्रमावर चालत होतं.

त्यामुळे एकाच घराचा हिशेब दोन वह्यांत वेगवेगळा लिहिला गेला. पुरुषाचं लग्न झालं तर सरकारला एका पगारात दोन माणसं मिळाली. स्त्रीचं लग्न झालं तर सरकारला आपलं माणूस अर्धं गेलंसं वाटलं. नियम 8(2) मधल्या "घरगुती जबाबदाऱ्या" या शब्दांत हे सगळं गृहीत धरलेलं आहे. मुथम्मांचा खटला मुळात या गृहीतकाशी होता. बढती हे त्याचं निमित्त.

त्यांनी लग्न केलं होतं का?

नाही. आणि म्हणूनच कुणीकुणी विचारतं, की मग लग्नाच्या नियमाशी त्यांचं काय देणंघेणं होतं? तो नियम त्यांच्यावर कधी वापरलाच गेला नाही. त्यांनी तो न्यायालयापुढे ठेवला, कारण बढती नाकारणारी वृत्ती आणि नियम लिहिणारी वृत्ती एकच आहे, असं त्यांचं म्हणणं होतं. फायदा मागून येणाऱ्या मुलींना झाला.

या निकालाचा इतर नोकऱ्यांवर परिणाम झाला का?

प्रश्न तेव्हा सगळीकडेच होता. प्रशासकीय सेवेत 1951 च्या तुकडीतल्या अॅना राजम जॉर्ज यांच्या नेमणुकीच्या आदेशातही लग्न केल्यास सेवा संपुष्टात येईल अशी अट होती. ती अट पुढे निघाली, आणि त्याच बाई, लग्नानंतरच्या अॅना राजम मल्होत्रा, आपल्या न्हावा शेवा बंदराच्या उभारणीच्या प्रमुख झाल्या. बंदराकडे जाणारे कंटेनरचे ट्रक उरण रस्त्यावर रोज दिसतात. त्यामागे अशी एक बाई होती, हे फार थोड्यांना ठाऊक आहे.

मुथम्मांच्या निकालानंतर दोनच वर्षांनी, 1981 मध्ये, एअर इंडियाच्या हवाई सुंदरींचा खटला आला. पहिल्या गरोदरपणात नोकरी संपवण्याची अट न्यायालयाने रद्द केली, पण नोकरीच्या पहिल्या चार वर्षांत लग्न न करण्याची अट कायम ठेवली. तेव्हा "1979 नंतर सगळं सुरळीत झालं" असं कुणी म्हणालं तर त्यावर विश्वास ठेवू नका.

त्या परराष्ट्र सचिव का झाल्या नाहीत?

त्या पदासाठी वरची श्रेणी वेळेत मिळावी लागते, आणि तिथेच त्यांना अडवलं गेलं होतं. त्या 1982 मध्ये निवृत्त झाल्या. भारताला पहिली महिला परराष्ट्र सचिव मिळाली 2001 मध्ये, चोकिला अय्यर. मुथम्मा रुजू झाल्यापासून मोजलं तर 52 वर्षांनी. पुढे निरुपमा राव आणि सुजाता सिंह आल्या.

निवृत्तीच्या सुमारास आणि नंतर त्यांनी काय केलं?

स्वीडनचे नेते ओलोफ पाल्मे यांच्या अध्यक्षतेखाली 1980 मध्ये निःशस्त्रीकरण आणि सुरक्षेवर जो आंतरराष्ट्रीय स्वतंत्र आयोग नेमला गेला, त्याच्या त्या सदस्य होत्या. 1982 मध्ये आयोगाचा अहवाल आला. शत्रूला असुरक्षित ठेवून स्वतः सुरक्षित राहता येत नाही, हा त्याचा गाभा. पुढे त्यांनी भारतीय शासनव्यवस्थेवर परखड निबंध लिहिले, ते 2003 मध्ये पुस्तकरूपाने आले. कोडव स्वयंपाकावरच्या एका पुस्तकाच्याही त्या सहलेखिका.

14 ऑक्टोबर 2009 ला बेंगळुरूत त्या गेल्या, वयाच्या 85 व्या वर्षी. त्या दिवशी दिल्लीत परराष्ट्र सचिवाच्या खुर्चीत निरुपमा राव होत्या. त्यांचं लग्न झालेलं होतं, मुलं होती.

मूळ निकाल सामान्य माणसाला वाचता येईल का?

येईल. फार मोठा नाही, अर्ध्या तासात वाचून होतो. कृष्ण अय्यरांचं इंग्रजी जड आहे, शब्दकोश जवळ ठेवा. आधी फक्त दोन नियमांचा मजकूर वाचा, तो निकालात जसाच्या तसा दिलेला आहे. दुसऱ्यांदा वाचताना "महिला सदस्य" या शब्दांच्या जागी "पुरुष सदस्य" घालून मोठ्याने वाचा. न्यायमूर्तींनीही साधारण तेच केलं होतं.